तथापिच्या पुढचं

"जमिनीशी ओळख सोडू नकोस. रोज खाली बसायचं, आणि हात न टेकता उठायचं. शेवटी तिच्याकडेच जायचंय ना? मग अनोळख्यासारखं कशाला जायचं?"

सासूबाई तिला हे सांगायच्या तेव्हा त्यांच्या ओठांत टाचण्या धरलेल्या असायच्या, म्हणून शब्द तोंडाच्या कडेनं बाहेर पडायचे आणि थोडे टोचायचे. लोकांचे कपडे शिवायच्या त्या. कापड फरशीवर पसरायचं, त्याच्याभोवती सरकत सरकत कापायचं, आणि मध्येच कुणी दार वाजवलं की वरून कुणी दोरी ओढावी तशा सरळ उभ्या राहायच्या. त्यांना जाऊन बरीच वर्षं झाली. मशीन अजून खिडकीशी आहे; त्यावर आता तिच्या नवऱ्याची घड्याळदुरुस्तीची हत्यारं पसरलेली असतात. पण त्या जिथं बसून कापायच्या त्याच कोपऱ्यात रोज पहाटे, पहिल्या चहाआधी, ती बसते. एक चटई, समोर कपाट, बाजूला खिडकी. डोळे मिटायचे, देवाचं नाव घ्यायचं, आणि मग आदल्या दिवशी ज्यांना 'नाही' म्हणावं लागलं त्यांचे आवाज एकेक करून आठवायचे. हे व्रत तिचं स्वतःचं, कुणाला न सांगितलेलं. ती आरोग्य विम्याच्या ऑफिसात फोनवर बसते. कशाचे पैसे विमा देतो आणि कशाचे देत नाही, ते विचारणाऱ्याला सांगायचं, हे तिचं काम. चेहरे तिला कधी दिसत नाहीत, नावं मागे राहत नाहीत. आवाज मात्र केसात अडकलेल्या कापसासारखे घरापर्यंत येतात. एखादी खोकणारी आजी, एखादा मुद्दाम मोठ्यानं बोलणारा बाप. त्यांना ती देवापुढे आणून बसवते, इतकंच. मागत काही नाही. मागणाऱ्यांचं दिवसभर ऐकणाऱ्या माणसाला मागायचा संकोच वाटायला लागतो.

त्या सकाळी सगळे आवाज आठवून झाले, तिनं डोळे उघडले, उठायला गेली, आणि गुडघा 'नाही' म्हणाला. साखर न लावता, सरळ. तिनं पुन्हा जोर केला. डाव्या गुडघ्यात कुणीतरी गंजलेली कडी सरकवावी तसं झालं आणि ती बसली ती बसलीच. मग हात टेकून पाहिले, तेही जमेना. शेवटी समोरच्या कपाटाची मूठ धरून ओढ घेतली, तर मूठच सुटून हातात आली. पितळेची, गार, दोन खिळ्यांसकट. तिला आधी हसूच आलं. हातात मूठ घेऊन फरशीवर बसलेली बाई, जणू घरातून ओढून कुणाला बाहेर काढायला निघाली होती आणि घरच हातात आलं. मग हसू ओसरलं आणि त्याच्या तळाशी एक बारीकशी भीती दिसली, पाण्याखालच्या पायरीसारखी. उद्या बसता आलं नाही तर?

"काय गं, आवाज कसला?" नवरा दाराशी आला. डोळ्याला घड्याळजींचं भिंग तसंच लावलेलं, त्यामुळे एक डोळा माशासारखा मोठा. "कपाट फोडतेस होय? मला सांगायचं. चावी आहे माझ्याकडे."

"हात द्या आधी. चेष्टा नंतर."

त्यानं हात दिला. दोघंही किडकिडीत असते तर सोपं होतं. पण तो किडकिडीत होता आणि ती नव्हती, तेव्हा उठायच्या ऐवजी तोच खाली यायची वेळ आली. शेवटी खुर्ची ओढून आणली, तिच्या आधारानं ती उभी राहिली. दोघंही धापा टाकत एकमेकांकडे बघत राहिले. "उद्यापासून खुर्चीवर बसून कर की तुझं काय ते," तो म्हणाला. "खुर्चीवर बसलेल्याचं देवाला ऐकू येत नाही का?"

देवाला येत असेल. तिला येत नव्हतं. दुसऱ्या दिवशी तिनं करून पाहिलं. खुर्चीवर बसली, डोळे मिटले, आणि आवाज आलेच नाहीत. आले ते कामाचे शब्द: मर्यादा, प्रतीक्षा कालावधी, सह-भरणा. आयुष्यभर ती खुर्चीवर बसूनच लोकांना नाही म्हणत आली होती. खुर्चीत पाठ टेकली की ती कंपनी होऊन जायची. जमिनीवर तेवढी ती कुणाची नसायची, कुणाला काही नाकारायची नाही. हे नवऱ्याला सांगावं असं मनात आलं, पण तो एका मनगटी घड्याळाच्या पोटात चिमटा घालून श्वास रोखून बसला होता. आणि काही गोष्टी बोलल्या की लहान होतात. तिनं मूठ पर्समध्ये टाकली. का, ते तिलाही सांगता आलं नसतं.

हाडांच्या डॉक्टर तरुण होत्या. बोलता बोलता पेनचं टोपण उघडमीट करत होत्या. गुडघ्याचा फोटो उजेडावर धरून म्हणाल्या, "दोन वाटा आहेत. वजन उतरवायचं, म्हणजे हा गुडघा अजून पुष्कळ साथ देईल. नाहीतर बदलायचा. बदलणं तुमच्या विम्यात बसतं, त्याची काळजी नको." तिला माहीत होतंच. गुडघा बदलायचं वाक्य ती झोपेतही म्हणू शकली असती. पण बदललेल्या गुडघ्यानं जमिनीवर बसायचं म्हटलं तर? डॉक्टरांनी टोपण मिटलं. "शक्यतो नको. खुर्ची वापरायची." निघताना त्यांनी चिठ्ठीवर 'गुडघ्याची झीज, वजनाशी संबंधित' असं लिहून दिलं आणि मायेनं म्हणाल्या, "जिना चढताना चांगला पाय आधी, उतरताना दुखरा. एवढं लक्षात ठेवा."

वजनाचं म्हणाल तर तिला त्याची कधी लाज वाटली नव्हती. सासूबाईंमुळे. शिवणीत आत जे जास्तीचं कापड सोडतात त्याला शिंपी माया म्हणतात, आणि सासूबाई कुणाच्याही कपड्यात भरपूर माया ठेवायच्या. "माणूस वाढतं," म्हणायच्या. पहिल्या बाळंतपणानंतर एकदा, दुसऱ्या बाळंतपणानंतर एकदा, आणि मग कुठल्याच कारणाशिवाय दर दोनेक वर्षांनी त्या तिचे ड्रेस मागून घ्यायच्या, शिवण उसवायच्या, बोटभर कापड मोकळं सोडायच्या आणि इस्त्री करून परत द्यायच्या. एक अक्षर बोलायच्या नाहीत. आरशात ती रोज तीच असायची. वजनावरून शब्दानं कधी न बोचलेली ती बाई आता कपाटात ड्रेसच्या रांगेत उभी असते. त्यांच्या शिवणी उसवून पाहिल्या तर आत आता काही उरलेलं नाही, काठाला काठ आलाय.

बसथांब्यासमोर वजन उतरवून देणारं एक केंद्र होतं. त्याच्या काचेवर दोन बायकांची चित्रं, एक जाड आणि एक बारीक, दोघी एकच असल्याचा दावा होता. ती रोज बसची वाट बघत दोघींकडे बघायची आणि तिला नेहमी वाटायचं, या सख्ख्या बहिणी असाव्यात, आणि जाड होती तीच जास्त हसतमुख. त्या संध्याकाळी ती आत शिरली. आत थंड हवा, व्हॅनिलाचा वास, आणि तिला नजरेनंच मापून घेणारी एक पोरगेली बाई. इथं स्वयंपाक नव्हता, विचार करायचा नव्हता. घरी डबे यायचे, त्यातली भुकटी पाण्यात घोळायची, दर आठवड्याला येऊन काट्यावर उभं राहायचं, आणि उतरलं की सगळ्यांनी टाळ्या वाजवायच्या. टाळ्यांचं ऐकून तिला ओशाळल्यासारखं झालं. तरी मन ओढ घेत होतं. कुणीतरी आपल्याला हाताला धरून नेईल, आपण फक्त 'हो' म्हणायचं, याची ओढ. दिवसभर दुसऱ्यांना वाट सांगणाऱ्या माणसाला स्वतः कुणाच्या तरी मागे चालावंसं वाटतं. फी ऐकून मात्र तिनं पर्स घट्ट धरली आणि आतली मूठ हाताला टोचली. "विम्यातून होतं का हे?" तिनं विचारलं. विचारताना आपलाच आवाज तिला ओळखीचा वाटला: तिच्याच फोनवर येणारा, जरा वर चढलेला, आशाळभूत.

"काहींचं होतं. विचारून बघा ना," ती बाई गोड हसली.

उत्तर तिला पाठ होतं. पण माणसाचं कसं असतं, मिठाच्या डब्यात साखर निघेल म्हणून एकदा चाखून बघतं. पॉलिसीची भाषा अधूनमधून बदलते. मागच्या महिन्यातच काही कलमं नवी आली होती. ऑफिसात स्वतःची फाईल स्वतः उघडायची मनाई होती; कर्मचाऱ्यानंसुद्धा बाहेरच्यांसारखा फोन लावूनच विचारायचं. म्हणून दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत ती खाली आवारातल्या बाकावर जाऊन बसली आणि आपल्याच कंपनीचा नंबर लावला. आधी वाद्यसंगीत लागलं. इतकी वर्षं या संगीताच्या दुसऱ्या टोकाला बसून तिनं ते कधी ऐकलंच नव्हतं. वाईट नव्हतं, फक्त एक तान पुनःपुन्हा उंबऱ्यापर्यंत यायची आणि आत न येता परतायची. ऐकता ऐकता तिनं पर्स मांडीवर ओढून घेतली. म्हणजे लोक असे बसलेले असतात तर, तिच्या मनात आलं. असे, पर्स मांडीवर घेऊन. मग खट्ट झालं, कुणीतरी फोन उचलला, आणि त्या आवाजाबरोबर तिची पाठ आपोआप ताठ झाली, तोंडावर कामाचं हसू आलं, आणि ती म्हणाली, "नमस्कार, आरोग्य विमा सेवा. मी आपल्याला काय मदत करू?"

पलीकडूनही नेमकं तेच, त्याच लयीत, अर्धा शब्द मागून. दोघी एकमेकींना मदत करायला निघालेल्या. मग पलीकडे हसू फुटलं, चिमण्यांचा थवा उडावा तसं, आणि हे हसू आख्ख्या ऑफिसात एकीचंच होतं. तिला सगळे चिमणीच म्हणायचे. मागच्या वर्षी तीच तिच्या शेजारी बसून काम शिकली होती.

"साखरबाई? ताई, तुम्ही? कुठून बोलताय?"

ऑफिसात तिला साखरबाई म्हणायचे. तिच्या तोंडून 'नाही' गोड लागतं म्हणून. नव्या पोरींना तिच्याकडेच पाठवायचे. 'आधी श्वास पूर्ण सोड,' ती शिकवायची, 'मग नाही म्हण. भरलेल्या छातीनं नाही म्हटलं की ते लागतं.'

"खालून," ती ओशाळून म्हणाली. "हसू नकोस गं. मी ग्राहक आहे आता. नीट बोल."

"बोला ना ग्राहकताई."

तिनं विचारलं. चिमणीनं फाईल उघडल्याचं, कळा दाबल्याचं ऐकू आलं. आणि मग, तिच्या कानात, अगदी जवळ, एक श्वास सावकाश सोडला गेला. तो श्वास ऐकला आणि तिला सगळं कळलं. आपलेच दात, आपलेच ओठ. "वजन कमी करण्याचे व्यावसायिक कार्यक्रम, त्यांचे खाद्यपदार्थ आणि सदस्यत्व," चिमणी हळुवार म्हणत होती, "आपल्या पॉलिसीत दुर्दैवानं बसत नाहीत." लागलं नाही. खरंच लागलं नाही. उलट, कुणी तरी आपल्यालाच आपली शाल पांघरावी तसं वाटलं. पण शाल पांघरतात ती थंडी वाजणाऱ्याला, हेही कळलं. "बरं, बाळ. ठेवते," ती म्हणाली.

"ताई, ठेवू नका! शेपूट राहिलं ना!"

'नाही' नंतर 'तथापि'नं सुरू होणारं जे एक लांबलचक वाक्य असतं, त्याला ऑफिसात शेपूट म्हणायचे, कारण ते पुरं होईपर्यंत कुणी थांबत नाही. 'नाही' ऐकलं की लोक फोन ठेवतात, नाहीतर भांडतात. शेपूट रिकाम्या तारेला म्हणून दाखवायचं, नियम म्हणून. ते म्हणता म्हणता ती स्वतः पुढचा फोन कुणाचा असेल याचा विचार करत असायची, जेवण झाल्यावर लोक हात धुतात तितक्या सहज. आणि आता बाकावर, फोन कानाला घट्ट लावून, ती पहिल्यांदा ते वाक्य ऐकत होती. चिमणी ते घाईनं म्हणत नव्हती. "तथापि, आपल्या डॉक्टरांनी वजनाशी संबंधित आजार लिहून दिल्यास आहारतज्ज्ञाच्या भेटी, तसंच आमच्या यादीतल्या रुग्णालयांत चालणारे गटवर्ग, पाण्यातल्या व्यायामासह, पॉलिसीत पूर्णपणे समाविष्ट आहेत." आवारात कुणीतरी झाडांना पाणी घालत होतं. ओल्या मातीचा वास आला. पाण्यात गुडघ्याला वजन नसतं, असं डॉक्टर ओझरतं म्हणाल्या होत्या, तेव्हा तिचं लक्ष त्या टोपणाकडे होतं.

"पुन्हा म्हण," ती म्हणाली.

चिमणीनं पुन्हा म्हटलं. मग आवाज खाली आणून, "ताई, जा बरं का. माझी आई जाते. पाण्यात बदकासारखी चालतात सगळ्या, आणि मग मनसोक्त गप्पा. दर गुरुवारी सकाळी असतं, सगळ्या रुग्णालयांत एकाच वेळी. टाळ्याबिळ्या काही नाहीत."

टाळ्या नाहीत हे ऐकून तिचा जीव भांड्यात पडला. पण वर खुर्चीत येऊन बसली तेव्हा मनानं पाऊल मागे घेतलं होतं. लोकांसमोर पाण्यात उतरायचं, म्हणजे कपडे ते तसले. लहानपणी ती एकदाच पाण्यात उतरली होती, आणि कडेला बसलेल्या कुणीतरी म्हटलं होतं, 'आता पाणी बाहेर येईल.' सगळे हसले होते, तीही हसली होती; पण ते हसू अजून कुठंतरी ओलंच होतं, वाळलं नव्हतं. बघू, पुढच्या महिन्यात बघू. तोवर खुर्ची आहे. असं म्हणत तिनं फोन घेतला.

पलीकडे एक घोगरा, मोकळा आवाज आणि त्यामागे पत्र्याच्या ट्रेंचा खडखडाट. "मी बेकरीवाला. म्हणजे माझी बेकरी आहे, दुसऱ्या गावात. डॉक्टर म्हणतात वजन उतरवा, नाहीतर हृदय संप करील. ते डब्यातल्या भुकटीचं केंद्र असतं ना, ते विम्यात होतं का? बघा, पाव भाजणाऱ्या माणसानं भुकटी खायची म्हणजे मासळीनं अंगाला टॉवेल गुंडाळण्यातला प्रकार. पण लेक ऐकत नाही."

ती हसली, कामाचं नव्हे, खरं हसू. श्वास सोडायची वेळ आली. सोडलाही. पण 'नाही' ओठांवर आलं आणि तिथंच थांबलं, टाचणीसारखं. तिनं ते बाजूला धरलं आणि आधी शेपूट म्हटलं. सावकाश, त्यातला प्रत्येक शब्द जणू त्याच्या हातात ठेवत. आहारतज्ज्ञ, गटवर्ग, पाणी. डॉक्टरांची चिठ्ठी. गुरुवार. मग म्हटलं, "भुकटीचं मात्र बसत नाही."

"बसू नये तेच बरं," बेकरीवाला म्हणाला. ट्रेंचा खडखडाट थांबला. "बाई, एक विचारू? राग मानू नका. पाण्यात, लोकांत, या देहानं... तुम्ही तरी गेला असता का?"

कॉल ध्वनिमुद्रित होत असतो. समोर लिहिलेलं असतं ते बोलायचं, स्वतःबद्दल बोलायचं नाही, हा नियम ती नव्या पोरींना पहिल्याच दिवशी शिकवायची. समोरच्या काचेत तिला स्वतःची सावली दिसली, रुंद, खुर्ची भरून असलेली. त्या सावलीनं पाठ खुर्चीपासून सोडवली, थोडी पुढे सरकली, टोकावर आली, जितकं जमिनीजवळ जाता येईल तितकी. "मलाही डॉक्टरांनी तेच सांगितलंय," ती म्हणाली. "गुडघा. मीही घाबरतेय."

"आता कसं! मग?"

"मग... जाणार आहे. या गुरुवारी."

"नक्की?"

"नक्की."

"टेपात गेलं हं बाई, वचन!" तो खदखदून हसला. "चला, मग मीही जातो. तुम्ही तिकडं पाण्यात, मी इकडं. पाव जरा उशिरा भाजले तर गाव मरत नाही." फोन ठेवल्यावरही त्याचा आवाज तिच्या कानात राहिला, उबदार, ताज्या पावाच्या पाठीसारखा. पर्यवेक्षक साहेब पलीकडून मान उंचावून बघत होते. तिनं त्यांच्याकडे बघून शांतपणे पुढचा फोन घेतला.

पोहण्याच्या कपड्यांच्या दुकानात सगळ्यात मोठा म्हणून दिलेला पोशाखही कुशीत ताणत होता. तिनं तो घरी आणला, मशीनवरची हत्यारं नवऱ्याच्या परवानगीनं एका बाजूला सारली आणि शिवण उसवून पाहिली. आत माया सोडलेली होती, फारशी नव्हे, पण होती. कुठल्या तरी अनोळखी शिवणाऱ्या हातानं ठेवलेली. तिनं ती मोकळी सोडली, पुन्हा टीप मारली. नवरा भिंगातून बघत होता. "पाणी बाहेर आलं तर?" तिनं त्याला विचारलं, वर न बघता.

"येऊ दे की. आपल्या घरचं थोडंच आहे?" तो म्हणाला. मग जरा वेळानं, "कपाटाची ती मूठ कुठंय गं? लावून टाकतो."

"देते."

गुरुवारी ती नेहमीसारखी उठली. चटई अंथरली आणि कपाटाला, नसलेल्या मुठीला, हात न लावता, हळूहळू, भिंतीला खांदा देत खाली बसली. देवाचं नाव घेतलं. आवाज आले, एकामागून एक: कुणी रडवेला, कुणी भांडकुदळ. शेवटी बेकरीवाल्याचा आला, आणि तिला वाटलं, याला तर आपण नुसतं नाही म्हटलंच नव्हतं, हा इथं कसा? पण आला होता तर बसू दिलं. बाहेर अजून पुरतं उजाडलं नव्हतं. कुठल्या तरी गावात तोही या वेळी पिठाचे हात धूत असेल, टॉवेल शोधत असेल, लेकीला हाका मारत असेल. उठताना गुडघ्यानं कडी सरकवली. तिनं एक हात जमिनीला टेकला, पूर्ण पंजा, आणि थांबली. हात न टेकता, सासूबाई म्हणायच्या. पण ओळखीच्या माणसाच्या खांद्यावर हात ठेवतातच की आपण. ठेवून तिनं जोर केला, जमिनीनंही दिला. वेळ लागला, पण उभी राहिली.

पर्समधून मूठ काढून तिनं मशीनवर, नवऱ्याच्या चिमट्यांशेजारी ठेवली. तो झोपेतच कुशीवर वळला. पिशवीत टॉवेल, तो पोशाख, डॉक्टरांची चिठ्ठी. तिनं दार आवाज न करता ओढून घेतलं आणि जिना उतरायला लागली. दुखरा पाय आधी, मग चांगला.